अचल क्षण आणि त्यांचे साक्षी

मराठीच्या अध्यापकांनी एका ब्रिटिश दूरचित्रवाणी मालिकेवर लिहावे, आणि तेही निळ्या पोलीस-पेटीत बसून काळाच्या मागेपुढे भटकणाऱ्या एका अवलियाच्या मालिकेवर, याचे काही वाचकांना नवल वाटेल. आम्हांलाही वाटले होते. आम्ही दोघे एकाच महाविद्यालयात शिकवतो आणि एकाच घरात राहतो. विज्ञानकथेचा आमचा व्यासंग अभ्यासक्रमात लागलेल्या कथांपलीकडे फारसा कधी गेला नव्हता. २०२१ च्या पावसाळ्यात घराबाहेर पडण्याचे कारण नव्हते आणि घरात एकमेकांशी बोलण्याजोगे काही उरले नव्हते. अशा एका संध्याकाळी आमच्या मुलीने ही मालिका लावली. तिने ती मुद्दाम लावली असावी, हे आमच्या फार उशिरा ध्यानात आले.

मालिकेचे नाव 'डॉक्टर हू'. बीबीसीने तिचा पहिला भाग २३ नोव्हेंबर १९६३ रोजी दाखवला. आदल्याच दिवशी डॅलसमध्ये अध्यक्ष केनेडी यांची हत्या झाली होती. त्या बातमीच्या सावटात हा भाग अनेकांच्या नजरेतून निसटला, म्हणून पुढच्या आठवड्यात दुसऱ्या भागाआधी तो पुन्हा दाखवावा लागला. या पहिल्या कथेचे दिग्दर्शक वारिस हुसेन हे १९३८ साली लखनौत जन्मलेले. मालिका १९८९ साली थांबली आणि २००५ साली नव्याने सुरू झाली. नायक 'डॉक्टर' हा टाइम लॉर्ड नावाच्या परग्रहवासी जमातीतला. मरणाच्या दारी पोचला की तो देह पालटतो आणि नव्या चेहऱ्याने जगू लागतो. त्याच्या यानाचे नाव टार्डिस. तिच्यात बसून तो कुठल्याही काळात, कुठल्याही जागी जाऊ शकतो.

कुठेही जाता येते म्हटल्यावर पहिला प्रश्न उभा राहतो तो हाच, की मग जाऊन अनर्थ का टाळत नाही? कालप्रवासाची कथा लिहिणाऱ्या प्रत्येकाला या प्रश्नाचे उत्तर द्यावे लागते. या मालिकेने सहा दशकांत त्याची निरनिराळी उत्तरे दिली. त्यांपैकी 'अचल क्षणां'चे उत्तर आम्हांला अधिक मोलाचे वाटते, आणि त्याच्याविषयीच येथे लिहायचे आहे.

१९६४ सालच्या 'द अ‍ॅझ्टेक्स' या कथेत उत्तर सरळ होते. डॉक्टरबरोबर फिरणारी बार्बरा राइट ही इतिहासाची शिक्षिका. मेक्सिकोतले अ‍ॅझ्टेक लोक तिला एका दिवंगत पुरोहिताचा अवतार समजतात. हाती अशी सत्ता आल्यावर तिच्या मनात येते, की नरबळीची चाल थांबवली तर पुढे येणाऱ्या स्पॅनिश आक्रमकांना या संस्कृतीचा नाश करायला निमित्त उरणार नाही. डॉक्टर तिला निक्षून सांगतो, की इतिहासातली एक ओळही बदलता येणार नाही. ती तरीही झटते आणि हरते. बळी दिले जातातच. मात्र ऑटलॉक नावाच्या एका सुविचारी पुरोहिताचा नरबळीवरचा विश्वास तिच्यामुळे ढळतो आणि तो सत्याच्या शोधात नगर सोडून जातो. शेवटी डॉक्टर तिचे सांत्वन करतो ते एवढेच, की संस्कृती वाचली नाही, पण एका माणसाला तुझा उपयोग झाला.

ही तडजोड वाचकांनी लक्षात ठेवावी. पुढे सहा दशके मालिका घुटमळते ती याच दाराशी.

इतिहास संपूर्ण अचल आणि भविष्य संपूर्ण मोकळे, ही विभागणी फार काळ टिकणारी नव्हती, कारण आपला इतिहास हे दुसऱ्या कुणाचे तरी भविष्य असतेच. २००८ सालच्या 'द फायर्स ऑफ पॉम्पे' या जेम्स मोरन यांनी लिहिलेल्या भागात डॉक्टर त्याचा खुलासा करतो. काही घटना अचल असतात, बाकीच्या प्रवाही असतात. कोणती कशी, हे टाइम लॉर्डला दिसते. जे आहे, जे होते, जे होऊ शकेल आणि जे होता कामा नये, ते सारे त्याला सतत दिसत राहते, आणि हे दिसणे हेच त्याचे ओझे आहे.

समीक्षकाच्या दृष्टीने ही चक्क पळवाट आहे. अचल कोणते, तर जे लेखकाला बदलायचे नाही ते! प्रथम पाहिले तेव्हा आम्हीही असेच म्हणालो. पण हा आक्षेप आपल्याला आपल्या ग्रंथांवर का घ्यावासा वाटत नाही, हे स्वतःला विचारावे. मराठीत महाभारत पुन्हा सांगणारे थोडे झाले नाहीत. शिवाजी सावंतांनी 'मृत्युंजय' लिहिली, रणजित देसाईंनी 'राधेय' लिहिली. दोघांच्याही मनात कर्णाविषयी अपार कणव. तरी दोघांनीही त्याच्या रथाचे चाक भूमीत रुतू दिले. अभिमन्यूला चक्रव्यूहातून बाहेर काढणारा लेखक निघाला, तर आपण त्याला अभिमन्यूची कथा म्हणणार नाही. रुतलेले चाक हा पुनर्कथनाचा अचल क्षण होय. तो बदलत नाही म्हणूनच त्याच्या अवतीभवती नवे सांगता येते: तेव्हा जवळ कोण होते, कुणाला काय वाटले, कोण गप्प राहिले.

या अचलतेला प्राक्तन म्हणावे काय? आमच्या मते नाही. मूल जन्मल्यावर पाचव्या-सहाव्या रात्री सटवाई येऊन त्याचे कपाळ लिहून जाते, म्हणून पाटाशी कोरा कागद आणि लेखणी ठेवण्याची रीत आपल्याकडे आहे. सटवाई लिहिते ते आधी, जगणे सुरू होण्यापूर्वी. मालिकेतला अचल क्षण अचल असतो तो नंतरच्यांमुळे. त्याच्यावर पुढचे इतके काही उभे राहिलेले असते, की तो काढून घेतला तर वरचे घर कोसळेल. प्राक्तनाची लेखणी दैवाच्या हाती असते. अचल क्षणाला अचल करतात ती त्याच्यानंतर जगलेली माणसे.

पॉम्पेच्या कथेत हे सारे एका रात्रीत येते. इसवी सन ७९. डॉक्टर आणि त्याची सोबतीण डोना नोबल चुकून तेथे उतरतात. उद्या व्हेसुव्हियस फुटणार. डोना म्हणते, लोकांना सावध करू. डॉक्टर म्हणतो, पॉम्पे अचल आहे. डोना काही त्याची शिष्या नव्हे. लंडनच्या कचेऱ्यांतून बदली टंकलेखिका म्हणून काम केलेली, तोंडाने फटकळ बाई ती. तिला ही तत्त्वचर्चा मान्य नाही. पुढे कथेत असा पेच पडतो, की ज्वालामुखी फुटला नाही तर सारी पृथ्वीच परग्रहवासीयांच्या हाती जाईल. म्हणजे पॉम्पेचा नाश डॉक्टरने नुसता पाहायचा नाही, तर स्वतःच्या हाताने घडवायचा. तो तरफेवर हात ठेवतो आणि डोना त्याच्या हातावर आपला हात ठेवते. वीस हजार माणसांच्या मरणाचा भार एकट्याने वाहू न देणारा हा हात म्हणजे या मालिकेतला आम्हांला सर्वांत मोठा वाटणारा अभिनय.

मग टार्डिस निघते. डोना रडत विनवते, की सारे नगर नको, निदान कुणीतरी एक वाचव. डॉक्टरचा स्वतःचा ग्रह जळून गेलेला आहे. त्याचे म्हणणे, की मागे जाऊन त्यांना वाचवता आले असते तर मी वाचवले नसते काय? पण अखेर तो परततो आणि राखेच्या अंधारात कैकिलियस नावाच्या माणसापुढे हात करतो. एक कुटुंब वाचते. गंमत अशी, की लुकियस कैकिलियस युकुंदुस हा सावकार पॉम्पेत खरोखर होऊन गेला. त्याच्या व्यवहारांच्या दीडशेहून अधिक मेणपाट्या १८७५ साली त्याच्या घरात सापडल्या. ब्रिटनमधल्या शाळांत लॅटिन शिकलेल्या कित्येकांना तो पाठ्यपुस्तकातून ठाऊक असतो. त्या मुलांच्या दृष्टीने डॉक्टरने वाचवले ते धड्यातल्या माणसाला. कैकिलियसची भूमिका करणारे पीटर कपाल्डी पुढे स्वतःच डॉक्टर झाले. २०१५ साली मालिकेने त्याचेही कारण दिले: आपण माणसे वाचवतो, याची आठवण राहावी म्हणून डॉक्टरने देह पालटताना तो चेहरा घेतला होता.

आणखी एक गोष्ट. मालिकेतला स्फोट परंपरेने चालत आलेल्या २४ ऑगस्टला होतो. २०१८ साली पॉम्पेतल्या एका घराच्या भिंतीवर कोळशाने लिहिलेला एक लेख सापडला. त्यावरची तिथी १७ ऑक्टोबरची. तेव्हापासून अनेक अभ्यासक स्फोट ऑक्टोबरात झाला असे मानू लागले आहेत. म्हणजे घटना अचल राहिली आणि आपण धरून बसलेली तारीख मात्र हलली. इतिहासाच्या अध्यापकांना याचे नवल वाटणार नाही. जे घडले ते बदलत नसते. घडल्याविषयीचे आपले वाक्य बदलू शकते. हे वाक्य पुढे लागेल.

डॉक्टरने नियम मोडला तर काय होते, हे 'द वॉटर्स ऑफ मार्स' (२००९) या भागात दिसते. २१ नोव्हेंबर २०५९ रोजी मंगळावरचा पहिला मानवी तळ स्फोटात नष्ट व्हायचा आहे. प्रमुख अ‍ॅडलेड ब्रुक आणि तिचे सहकारी त्यात मरायचे आहेत. तिच्या मरणाने प्रेरित होऊन तिची नात पुढे ताऱ्यांकडे जाणार आहे. डॉक्टर प्रथम निघून जातो, मग त्यांचे आक्रोश ऐकून परततो आणि तिघांना वाचवून पृथ्वीवर आणतो. त्या क्षणी तो आनंदाने नव्हे, तर उन्मादाने बोलतो. काळाचे नियम आता माझे, मी म्हणेन तो वाचेल, असा त्याचा आविर्भाव असतो. पॉम्पेत त्याने हात पुढे केला होता. येथे तो फर्मान काढतो. अ‍ॅडलेडला हे उपकार नकोसे होतात आणि ती स्वतःच आपला शेवट करते. बातमीतला तपशील बदलतो, इतिहास आपल्या जागी राहतो. कनवाळू माणूस आणि हुकूमशहा यांच्यामधले अंतर किती थोडे असते, हे दाखवायला अचल क्षणाइतकी चांगली भिंत सापडली नसती.

मराठी वाचकाला येथे जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा आठवेल. नारळीकर मे २०२५ मध्ये गेले. त्यांची ही कथा आम्ही बरीच वर्षे शिकवत आलो आहोत. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत अशा जगात जाऊन पोचतात, जेथे १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासरावांना गोळी लागलीच नाही आणि मराठे जिंकले. परतताना त्यांच्या खिशात बखरीचे एक फाटके पान राहते आणि ते पान वेगळाच मजकूर सांगते. नारळीकर वैज्ञानिक. पुंजभौतिकीच्या आधाराने ते सांगतात, की गोळी लागणे आणि न लागणे दोन्ही शक्य होते. त्यांच्या विश्वात अचल क्षण नाही. प्रत्येक क्षणाला फाटे आहेत.

एका वर्षी वर्गात एका विद्यार्थ्याने विचारले होते, "मॅडम, तिकडे विश्वासराव वाचतात ना? मग गंगाधरपंत तिकडेच का नाही राहत?" कथेचा शेवट तसा करायचा होता म्हणून, असे काहीतरी उत्तर देऊन आम्ही तास संपवला. आज त्याला वेगळे उत्तर देऊ. तिकडे वाचतात ते तिकडचे विश्वासराव. आपले विश्वासराव पानिपतावरच आहेत. दुसऱ्या फाट्यावर कितीही जण वाचले, तरी या फाट्यावरचे शोक करायचे राहतातच.

हे उत्तर आम्हांला कोठून सापडले, ते सांगायचे तर २०२१ च्या एप्रिलकडे जावे लागेल.

आमच्यापैकी एकीचे वडील, नाना, आमच्याकडेच राहत. वय ७८. शाळेतून मराठीचे शिक्षक म्हणून निवृत्त झालेले. मंगळवारी त्यांना ताप होता आणि बोटाला लावलेल्या यंत्रावर आकडा ९४ दिसत होता. आमच्यापैकी एकाचे मत पडले, की लगेच रुग्णालयात न्यावे. दुसऱ्याचे मत पडले, की खाटा मिळत नाहीत, तेथे गेल्यावर उलट धोका वाढेल, दोन दिवस पाहू. पाहिले. गुरुवारी आकडा ८६ झाला. त्या रात्री उशिरा एका रुग्णालयात खाट मिळाली. नवव्या दिवशी पहाटे ५ वाजून ४० मिनिटांनी नाना गेले. नऊ दिवसांत दोनदा दूरध्वनीच्या पडद्यावर ते दिसले. तोंडावर मुखवटा असल्यामुळे बोलणे झाले नाही. नंतर हाती आली ती कागदपत्रे आणि त्यांची पिशवी.

मंगळवारी कोण काय म्हणाले होते, ते येथे लिहीत नाही. घरात ते पुढचे दोन महिने लिहिल्यासारखे स्पष्ट होते. एकाने ते उच्चारले नाही आणि दुसऱ्याने ते सतत ऐकले. वाचकहो, हा लेख आम्ही 'आम्ही' म्हणून लिहीत आहोत, पण त्या काळात हे सर्वनाम आमच्याकडून सुटले होते.

मुलीने मालिका लावली ती या दिवसांत. दाखवलेला पहिला भाग होता पॉल कॉर्नेल यांनी लिहिलेला, २००५ सालचा 'फादर्स डे'. रोझ टायलर या तरुणीचे वडील ती तान्ही असताना, ७ नोव्हेंबर १९८७ रोजी मोटारीखाली सापडून गेले. मोटारवाला न थांबता निघून गेला आणि ते रस्त्यावर एकटेच मेले, असे आईने सांगितलेले तिला ठाऊक. ती डॉक्टरला विनवते, की त्यांना वाचवायचे नाही, फक्त मरताना जवळ कुणीतरी असावे. पहिल्या वेळी ती जागच्या जागी थिजते. दुसऱ्या वेळी तिला राहवत नाही. ती धावत जाऊन वडिलांना बाजूला खेचते. वडील वाचतात आणि जग फाटू लागते. जखमेवर माश्या बसाव्यात तसे पंख असलेले प्राणी काळाच्या त्या जखमेवर उतरतात आणि माणसे नाहीशी होऊ लागतात. लग्नाला जमलेली मंडळी चर्चमध्ये कोंडली जातात. बाहेर तीच मोटार वळणावर पुन्हा पुन्हा दिसते आणि नाहीशी होते, जणू आपले राहिलेले काम शोधत असते.

वडील पीट टायलर हे जगाच्या लेखी अयशस्वी माणूस. सगळे धंदे बुडालेले. पण ते काय ते उमगते त्यांना. ते स्वतः होऊन त्या मोटारीपुढे जातात. या वेळी रोझ त्यांच्याजवळ बसते, हात हातात घेते. जग पूर्ववत होते. त्यानंतर आई लहानग्या रोझला तीच कथा पुन्हा सांगताना दिसते. दिवस तोच, मोटार तीच, मरणही तेच. फक्त एक वाक्य बदललेले असते: मोटारवाला पोरगा थांबला होता, आणि कुठली कोण एक मुलगी शेवटपर्यंत त्यांचा हात धरून बसली होती.

भाग संपला तेव्हा खोलीत कुणी दिवा लावला नाही.

त्यानंतरच्या काही आठवड्यांत आम्ही बरेच भाग पाहिले. त्यांतला 'द वेडिंग ऑफ रिव्हर साँग' (२०११) आम्हांला आमचाच वाटला. युटामधल्या एका तळ्याकाठी २२ एप्रिल २०११ रोजी सायंकाळी ५ वाजून २ मिनिटांनी डॉक्टरचे मरण अचल म्हणून ठरलेले आहे, आणि ते रिव्हर साँगच्या हातून व्हायचे आहे. तिचे त्याच्यावर प्रेम. ती मारत नाही. परिणाम असा, की काळ पुढे सरकेनासा होतो आणि सारे युग एकाच वेळी घडू लागते. लंडनच्या रस्त्यावर रोमन रथ, आकाशात प्रागैतिहासिक पाखरे, चर्चिल सम्राट, आणि सर्व घड्याळे ५ वाजून २ मिनिटांवर अडकलेली. कथा म्हणून पुढे ती हुलकावणी देते, हा तिचा दोष आम्हांला दिसतो. पण शोक मान्य न करणाऱ्या घराचे याहून नेमके चित्र आम्ही पाहिलेले नाही. आमच्या घरात मंगळवार संपत नव्हता. जेवताना मंगळवार, तास घेताना मंगळवार, आणि रात्री बोटाला यंत्र लावलेले नाना पुन्हा ९४ वर. जो तो मनातल्या मनात आपापला मंगळवार बदलून पाहत होता आणि बदलून पाहिल्यावर दुसऱ्याला अधिक दोषी धरत होता.

त्यापुढच्या वर्षीच्या 'द एंजल्स टेक मॅनहॅटन' या भागात मालिकेने नियमाला साहित्याचे कलम लावले. डॉक्टरच्या हातात एक पुस्तक येते. त्याच्या सोबत्यांचे भविष्य त्यात छापलेले असते. तो बजावतो, की पुढचे वाचू नका; एकदा वाचले की ते अचल होईल. शेवट आवडत नाहीत म्हणून तो पुस्तकाचे अखेरचे पान फाडून टाकतो, आणि सोबती कायमचे दुरावल्यावर तेच पान शोधून वाचतो. शेवटाचे पान फाडणे हा शोकाचा पहिला प्रकार, आणि ते परत येऊन वाचणे हा दुसरा. दोहोंच्या मधले अंतर कापायला कुणाला किती दिवस लागतील, ते सांगता येत नाही.

आणि मग 'डीमन्स ऑफ द पंजाब'. २०१८ सालचा, विनय पटेल यांनी लिहिलेला भाग. यास्मिन खान ही शेफील्डची तरुणी आपल्या आजीच्या तरुणपणात, ऑगस्ट १९४७ च्या पंजाबात जाते. आजी उम्ब्रीन मुसलमान. ती प्रेम नावाच्या हिंदू शेतकऱ्याशी लग्न करत आहे, आणि हा प्रेम आपला आजोबा नव्हे, हे यास्मिनला ठाऊक आहे. १७ ऑगस्टला रॅडक्लिफची रेषा जाहीर झाली. तिच्या सावलीतच हे लग्न लागते. तेथे वावरणारे दोन परग्रहवासी, थिजारियन, पूर्वीचे मारेकरी आहेत अशी डॉक्टरची समजूत. खरे निराळेच असते. ते दूर असताना त्यांचा ग्रह नष्ट झाला आणि त्यांच्या माणसांच्या मरणाला कुणीच साक्षी राहिले नाही. तेव्हापासून ते विश्वभर फिरतात, आणि जे एकटे मरणार आहेत त्यांच्या शेजारी उभे राहतात. ते कुणाला मारत नाहीत आणि वाचवतही नाहीत. फक्त पाहतात आणि लक्षात ठेवतात.

प्रेमला मारायला येणाऱ्यांत त्याचा सख्खा धाकटा भाऊ आहे. डॉक्टर आणि तिचे सोबती (येथे डॉक्टर स्त्रीदेहात आहे) पाठ फिरवून चालू लागतात, कारण यास्मिनचा जन्म याच मरणानंतरच्या वाटेवर आहे. मागे गोळीचा आवाज होतो. प्रेमजवळ थिजारियन उभे असतात. लग्नात त्याच्या हातून पडून बंद पडलेले मनगटी घड्याळ उम्ब्रीन जन्मभर जपते आणि नातीला देताना बजावते, की हे दुरुस्त करायचे नाही. रिव्हरच्या जगातली घड्याळे नकारामुळे अडकली होती. उम्ब्रीनचे घड्याळ बंद आहे ते तिने तसे ठेवले म्हणून. तिचे स्वतःचे आयुष्य पुढे गेलेले आहे.

हा भाग पाहिल्यावर अचल क्षणाविषयीचे आमचे मत पक्के झाले. बार्बरापासून यास्मिनपर्यंतच्या या चांगल्या कथांत नियम एकच आहे. घटना बदलता येत नाही. बदलता येते ते एवढेच, की ती घडताना कुणी जवळ होते की नव्हते. अचलतेने डॉक्टरच्या हातून सामर्थ्य काढून घेतले जाते, आणि उरते ती सोबत. आणि सोबतीला मालिका सामर्थ्याहून कमी लेखत नाही.

येथे लेख संपायला हरकत नव्हती. पण आमच्याकडे निळी पेटी नाही. नानांचा हात धरायला आम्ही मागे जाऊ शकत नव्हतो, आणि त्यांच्या शेजारी कुणी होते की नाही, हे आम्ही कुणाला विचारलेही नव्हते. न विचारण्याचे कारण उत्तराची भीती.

त्या रात्री मुलीने माळ्यावरची पिशवी खाली काढली. चार महिने तिची गाठ कुणी सोडली नव्हती. आत चष्मा, कवळीची डबी, एक टॉवेल आणि घडी घातलेले वर्तमानपत्र होते. तारीख नाना जाण्याच्या तीन दिवस आधीची. आतल्या पानावर शब्दकोडे होते. काही शब्द नानांच्या थरथरत्या पण ओळखीच्या अक्षरात, आणि बाकीचे दुसऱ्या कुणाच्या तरी गोल, ठसठशीत अक्षरात. त्या दुसऱ्या हाताने एके ठिकाणी 'परिक्षा' लिहिले होते. नानांनी ऱ्हस्व वेलांटी खोडून दीर्घ केली होती, आणि समासात, शाळेत करत तशी, बरोबरची खूण केली होती.

परिचारिका असेल, वॉर्डातली मावशी असेल, शेजारच्या खाटेवरचा कुणी रुग्ण असेल. शोध घ्यावा असे एकदा वाटले, मग घेतला नाही. नाना पहाटे ५ वाजून ४० मिनिटांनीच गेले आहेत. मंगळवारी आकडा ९४ च होता, आणि आम्ही दोन दिवस थांबलो, आम्ही, दोघांनीही. पण नाना तेथे एकटे होते, हे वाक्य आता आमच्या घरात कुणी उच्चारत नाही, कारण ते खरे नाही.

कोड्यात पाच घरे रिकामी आहेत. उत्तर आम्हां दोघांनाही येते. घरे आम्ही भरलेली नाहीत.